ओव्हाळ सरांच्या पुस्तकातून मी काढलेली माणसं

नळदुर्गला लोक किल्ला बघायला जातात. मीही बघितला, तिकीट काढून, पाऊण तास. पण किल्ल्याबद्दल वाचायचं असेल तर हे पान उलटलेलं बरं. मी गेले होते माफी मागायला. निदान घरातून निघताना मी स्वतःला तसं सांगितलं होतं.

आधी माझा गुन्हा सांगते. मी पुण्यात पस्तीस वर्षं पुस्तकांचं संपादन करते आहे. दुसऱ्याच्या लिखाणावर लाल पेन चालवायचा हा धंदा. पंधराएक वर्षांपूर्वी माझ्याकडे ओव्हाळ सरांचं बाड आलं. सर तुळजापूर तालुक्यातल्या एका कोरडवाहू गावचे, नळदुर्गच्या कॉलेजात इतिहास शिकवायचे. वयाच्या अठ्ठाविसाव्या वर्षी गोव्यात त्यांनी पहिल्यांदा समुद्र बघितला आणि मग त्या समुद्राच्याच मागे लागले. तिथल्या एका म्हाताऱ्या पाद्र्याकडून पोर्तुगीज शिकले, शिष्यवृत्ती मिळवून लिस्बनच्या दप्तरखान्यात दोन वर्षं बसले, तिथून मोझांबिकला जाऊन आले. त्यातून 'समुद्रापारची वेठ' हे पुस्तक झालं. पोर्तुगीजांनी राज्य कसं केलं यापेक्षा त्या राज्याखाली साध्या माणसांनी काय भोगलं आणि ते गेल्यावर मागे काय उरलं, यावर सरांचा डोळा. मोझांबिकच्या बायकांना स्वतःच्या शेतात सक्तीनं पेरायला लावलेला सरकारी कापूस. गोव्यातल्या चर्चमध्ये धर्म बदलूनही न सुटलेली जात. गोवा मुक्त झाला त्याचा राग आफ्रिकेतल्या हिंदी दुकानदारांवर कसा निघाला ते. आणि राज्य बुडाल्यावर आफ्रिकेतून लिस्बनला परतलेल्या गोऱ्यांची लाकडी खोकी, धक्क्यावर कितीतरी दिवस पडून राहिलेली. हे सगळं मराठीत. इंग्रजीत का नाही लिहिलं, असं मी विचारलं तर म्हणाले, इंग्रजीत लिहिलं तर ऐकायला कोण बसेल?

मला वाटलं, माणूस बोलण्याच्या ओघात बोलला. पण त्यांच्याकडे लोक खरोखर ऐकायला बसत. सरांच्या गावात बौद्ध वस्तीच्या विहारात वर्षावासात ग्रंथ वाचायची रीत आहे. आषाढी पौर्णिमेपासून आश्विनी पौर्णिमेपर्यंत रोज संध्याकाळी वंदना होते, मग एकजण वाचतो, बाकीचे ऐकतात आणि अडलं की विचारतात. दिवसाचं वाचन आटोपलं की सर आपलं एखादं प्रकरण काढायचे आणि तेही तसंच वाचायचे. कोणी मध्ये काही बोललं की थांबून तिथल्या तिथे समासात लिहून घ्यायचे, नावासकट. कोंडाबाई म्हणाली. सोजराबाई म्हणाली. दत्तू मिस्त्री म्हणाला. बाडात पानोपानी ही माणसं होती, आणि त्यांचं बोलणं मजकुरातच, जिथल्या तिथे छापावं, असं सरांनी सोबतच्या पत्रात लिहिलं होतं.

मी ते सगळं काढून टाकलं. एवढं दप्तरखाने धुंडाळून केलेलं संशोधन, त्यात मधेच कोंडाबाई कशाला, विद्यापीठातली मंडळी हसतील, असा माझा विचार. सरांचं मी भलं करते आहे याची तर मला खात्रीच होती. तसं त्यांना कळवलं. उत्तर आलं, "आपल्याला योग्य वाटेल तसे करावे." मी ते होकार म्हणून फायलीला लावून टाकलं.

पुण्यात प्रकाशन झालं. शाल, श्रीफळ, बटाटेवडे, सगळं रीतसर. सर व्यासपीठावर पुस्तक हातात घेऊन बराच वेळ पानं उलटत राहिले. मला वाटलं, भारावलेत. काय म्हणावं माझ्या अकलेला! पुस्तकाचं कौतुक झालं, आणि त्यानंतर सरांनी छापायला म्हणून एक ओळ लिहिली नाही. दीव बेटाविषयी लिहिणार होते. मी विचारलं की कार्ड यायचं, सध्या वाचन चालू आहे. अडीच वर्षांपूर्वी ते गेल्याचं मी वर्तमानपत्रात चार ओळींत वाचलं. भेटायला गेले नाही. फोनही केला नाही.

आता प्रकाशकांनी नवी आवृत्ती काढायचं ठरवलं, म्हणून मी पुस्तक पुन्हा वाचलं. नीटनेटकं, टिपांसकट, आणि कोरडं ठणठणीत. काय गेलंय ते मला ठाऊक होतं, पण त्यातलं एक वाक्यही आठवेना. मूळ बाड ऑफिस हलवताना रद्दीत गेलं, तेही माझ्याच सांगण्यावरून. तेव्हा माफी मागायला जाते आहे असं मी म्हणत होते खरी, पण मला ती वाक्यं परत हवी होती.

सोलापूरहून पुढे

फेब्रुवारीतला दुसरा आठवडा. सोलापूरला गाडीतून उतरून मी हैदराबादकडे जाणारी एसटी धरली. रस्ता एवढा रुंद आणि गुळगुळीत की खिडकीतून बघण्यासारखं काही उरू नये. पण कडेला ज्वारी काढणीला आली होती. काही रानांत कणसं खुडून झालेली, कडब्याच्या पेंढ्या उभ्या केलेल्या. मधेच एखादी द्राक्षाची बाग, जाळी पांघरून बसलेली. काळी जमीन, वर पांढरं ऊन. आमच्याकडे शेत म्हणजे डोंगराच्या कुशीत कुठंतरी हिरवा तुकडा. इथं शेतच सगळं आणि मधेमधे गाव.

कंडक्टरला मी तीनदा बजावलं होतं की नळदुर्ग आलं की सांगा. त्यानं सांगितलं, मी उतरले, एसटी गेली, आणि मग कळलं की हा बायपास आहे, गाव आत राहिलं. समोर एक ढाबा आणि ओळीनं उभे ट्रक. चरफडत तिथं जाऊन बसले. ढाबेवाल्यानं न विचारता भाकरी, शेंगाची चटणी आणि वर कच्च्या तेलाची धार असं ताट पुढं ठेवलं. पुण्यात चटणी चमच्यानं वाढतात, इथं मूठभर. रागात असूनही मी दोन भाकऱ्या खाल्ल्या.

ओव्हाळ सरांचं घर कुठं, असं विचारलं मात्र, त्याचा चेहराच बदलला. तो सरांचा विद्यार्थी निघाला. पैसे घेईना. सर पोर्तुगीजांचं शिकवायला लागले की आम्हाला वाटायचं गावातल्याच भांडणाचं सांगायलेत, असं म्हणाला आणि हसला. मग मला बॅगेसकट मोटारसायकलवर मागे बसवून त्यानं सरांच्या दारात नेऊन सोडलं. त्रेसष्टाव्या वर्षी मी मोटारसायकलवर बसले, ती अशी. वाटेत त्यानं विचारलं, तुम्ही सरांच्या कोण? मी म्हटलं, त्यांचं पुस्तक मीच काढलं. तो म्हणाला, लई मोठं काम केलं तुम्ही.

सुमनताई

सरांच्या पत्नी सुमनताई प्राथमिक शाळेतून निवृत्त झालेल्या. दारात मी नमस्कार म्हटलं, त्या जयभीम म्हणाल्या. निघताना मीही जयभीम म्हटलं, पण ते दारातच म्हणायला हवं होतं. घर दोन खोल्यांचं, स्वच्छ, एका भिंतीला छतापर्यंत पुस्तकं. जेवायला येसरची, म्हणजे भाजलेल्या धान्यमसाल्याच्या पिठाची, आमटी होती. असली आमटी मी पहिल्यांदाच खाल्ली आणि तिची कृती विचारून घेतली, कारण मुद्द्याला हात घालायचा धीर होत नव्हता.

शेवटी ताट बाजूला सारून मी माफीचं भाषण सुरू केलं. चांगलं तयार करून नेलं होतं. सुमनताईंनी दोन वाक्यं ऐकली आणि थांबवलं.

"माझ्याकडं कशाला मागता? माझं काय काढलं तुम्ही?"

मग मी सरळ विचारलं, की बाडाची दुसरी प्रत, जुने कागद काही आहेत का. त्यांनी पलंगाखालची ट्रंक ओढून काढली. आम्ही दोघी दुपार उलटेपर्यंत फरशीवर बसून कागद चाळत होतो. कच्चे खर्डे सगळे होते, पण समास कोरे. सर आधी प्रकरण पक्कं लिहून काढायचे आणि ती पक्की प्रत विहारात न्यायचे. बोलणी त्या एकाच प्रतीवर लिहिलेली. तीच पुण्याला आली होती.

तुम्हाला काही आठवतं का, असं मी विचारलं. त्यांना एकच आठवलं. गोव्याच्या चर्चमधल्या मंडळांत वरच्या जातीचे कसे मानाच्या जागी आणि बाकीचे कसे मागे, ते सर वाचत होते. तेव्हा कोंडाबाई मधेच म्हणाली होती, "देव नवा आला, मग बसायची जागा जुनी का?" सर लिहायचंही विसरले होते म्हणे, सुमनताईंनीच त्यांना लिहायला लावलं.

मला ती पानं माहीत होती. सरांनी त्याच गोष्टीवर सात पानं लिहिली आहेत, आणि मी ती सात पानं फार कष्टानं घोटून साफ केली होती. कोंडाबाईची ओळ लाल पेनानं खोडायला मला किती वेळ लागला असेल? मला इतकी लाज वाटली की पाणी प्यायच्या निमित्तानं उठून आत गेले.

परत आले तर सुमनताई म्हणाल्या, कोंडाबाई गेली. दत्तू मिस्त्रीही गेला. बोलणाऱ्यांतली एक सोजराबाई तेवढी आहे, गावात. उद्या जाऊ. मी हुरळले. म्हटलं, त्यांना सगळं सांगते, माफी मागते, आणि जे आठवेल ते लिहून घेते.

"तेच सांगायचंय तुम्हाला," सुमनताई म्हणाल्या. "त्यांना म्हाईत न्हाय."

मला कळेना. मग त्यांनी सांगितलं. छापलेलं पुस्तक घेऊन सर गावात आले, त्याच वर्षी विहारात ते वाचायला बसले. ज्यांचं बोलणं त्यात जायचं होतं ती सगळी माणसं पुढे बसलेली, धुतलेले पांढरे कपडे घालून. सर वाचत गेले. आणि जिथं जिथं कोणी काही बोललं होतं, तिथं तिथं थांबून त्यांनी ते बोलणं, नावासकट, पुस्तकात डोळे ठेवून म्हटलं. सगळं पाठ होतं त्यांना. एक शब्द इकडचा तिकडे झाला नाही. कोंडाबाई तर रडली. पुढे वर्षावास संपला की आश्विनी पौर्णिमेनंतर आठवडाभर हे पुस्तक वाचायचा पायंडाच पडला, आणि दर वर्षी सरांनी ते असंच वाचलं.

मी विचारलं, शिकलेली पोरं आहेत की गावात, कोणी उघडून बघितलं नाही? सुमनताई म्हणाल्या, ज्यांनी बघितलं ते काही बोलले नाहीत. सर गेल्यापासून लोक सुमनताईंनाच वाचायला बोलावतात, आणि त्या दर वेळी काही ना काही कारण काढून टाळताहेत. त्यांना एक कोंडाबाईचं सोडलं तर काही पाठ नाही.

"सोजराबाईनं नातवाच्या सोयरिकीत पुस्तक पाहुन्यांपुढं ठिवलं होतं," त्या म्हणाल्या. "माझं नाव ह्यात हाय म्हनून. पाहुन्यांनी उघडलं न्हाय, हात लावून डोळ्याला लावलं. तिला सांगू नका ताई. एवढं माझं ऐका."

मी हो म्हटलं. आणि हो म्हणतानाच मला कळलं की मी चांगली पेचात सापडले आहे. वाक्यं हवीत तर मागायला हवीत, आणि मागितली तर ती पुस्तकात नाहीत हे सांगायला हवं.

गाव

सकाळी सुमनताईंची कामं उरकेपर्यंत मी किल्ल्यात गेले. बोरी नदीवरच्या बंधाऱ्यातला तो पाणीमहाल, त्या उंच बुरुजावरच्या तोफा, सगळं बघितलं. एका तोफेपाशी उभं राहून तिथल्या माणसाला विचारलं, ही पोर्तुगीज असेल का हो? तो म्हणाला, मॅडम, ओव्हाळ सरही वर यायचे, पर त्यांनी कधी तोफेकडं बघितलं न्हाय, पोरांना घेऊन नुसतं रान बघत बसायचे. मी खाली आले.

सरांच्या गावाचं नाव मी मुद्दाम लिहीत नाही. तिथं माझ्यासारखी आणखी माणसं जायला नकोत. नळदुर्गहून वडाप जीपनं पाऊण तास, मग पायी थोडं. सोजराबाई अंगणात सुपानं तूर पाखडत बसल्या होत्या. ऐंशीच्या पुढच्या, बारीक, पाठ ताठ. सुमनताईंनी माझी ओळख करून दिली की पुण्याच्या बाई आहेत, सरांचं पुस्तक ह्यांनी छापलं. सोजराबाईंनी सूप खाली ठेवलं, माझे दोन्ही हात हातात घेतले आणि कानशिलावर बोटं मोडली. हे मला फार जड गेलं. शिव्या चालल्या असत्या.

गूळ-शेंगदाणे आले, तांब्याभर पाणी आलं. त्या सरांच्या वाचण्याबद्दल बोलत राहिल्या. मला गंमत वाटली ती अशी, की पंधरा वर्षांनीही त्यांना मोझांबिकची ती बाई माणसासारखी आठवत होती. सरांनी पुस्तकात तिचं नाव दिलेलं नाही. घरच्या शेतात सरकारचा कापूस पेरून पोरं उपाशी ठेवावी लागलेली, एवढीच तिची हकीकत. सोजराबाईंनी विचारलं, तिचं पुढं काय झालं, पोरं जगली का? आमच्याकडे पुस्तकाच्या कार्यक्रमात प्रश्न विचारा म्हटलं की लोक उठून आपलंच भाषण करतात. हा प्रश्न मला संपादन करताना सुचलाही नव्हता. मी म्हटलं, सरांनी ते लिहिलेलं नाही. त्या म्हणाल्या, त्यांनाबी म्हाईत नव्हतं, म्या इचारलं व्हतं.

मग मी, फार हुशारीनं असं मला तेव्हा वाटलं, म्हटलं की मावशी, त्या बाईचं वाचताना तुम्ही काय म्हणाला होता, ते तुमच्या तोंडून ऐकायचंय.

त्या हसल्या. "पुस्तकात हाय की. तुमीच तर छापलंय."

आणि उठून आत गेल्या. कोनाड्यात बुद्धाच्या मूर्तीशेजारी निळ्या कापडात बांधून ठेवलेलं पुस्तक घेऊन आल्या, गाठ सोडली आणि माझ्या हातात दिलं. सर गेल्यापासून कोणी वाचून दाखवलं नाही, म्हणाल्या. सुमनचे डोळे बरे नसतात. आता तुम्ही आला आहात तर माझं तेवढं वाचा.

मी सुमनताईंकडे बघितलं. त्या मान खाली घालून तुरीतले खडे वेचत होत्या.

इथं मला थांबता आलं असतं. चष्मा विसरले म्हणायचं, डोकं दुखतंय म्हणायचं, सुमनताईंसारखं टाळायचं. पण मी पस्तीस वर्षं दुसऱ्यांची वाक्यं लिहून दिलेली बाई. भल्याभल्या लेखकांना आपलं वाक्य कुठलं आणि माझं कुठलं ते ओळखू आलेलं नाही. मला वाटलं, जमेल. कापसाचं प्रकरण काढलं, चारसहा ओळी पुस्तकातल्या वाचल्या, आणि मग सरांसारखी थांबून, डोळे पानावर ठेवून म्हटलं, "सोजराबाई म्हणाली, आमच्याकडं पण वेठ होती. ती बायकांनीच सोसली."

वाक्य वाईट नव्हतं. अजूनही मला ते वाईट वाटत नाही.

सोजराबाई थोडा वेळ वाट बघत राहिल्या, जणू पुढं काही यायचं आहे. मग म्हणाल्या, "हे माझं न्हाय."

मी म्हटलं, असंच आहे इथं.

"न्हाय बाई. सोसली बिसली म्या कवा म्हनत न्हाय. सर असं वाचत नव्हते. पुन्यांदा बघा, वर खाली झालं असंल."

मी पान उलटलं, परत उलटलं. त्या माझ्या हातांकडे बघत होत्या, मग माझ्या तोंडाकडे बघायला लागल्या. तेव्हा मला पुढं रेटता आलं नाही. मी सगळं सांगितलं. पुस्तकात तुमचं काही नाही. कोंडाबाईंचं नाही, मिस्त्रींचं नाही, कोणाचंच नाही. सरांनी लिहून पाठवलं होतं. मी काढून टाकलं.

शेजारच्या अंगणात शेळी ओरडत होती.

"मग सर काय वाचत व्हते?" सोजराबाईंनी विचारलं. मला नाही, सुमनताईंना.

सुमनताई खडे वेचायच्या थांबल्या. "पाठ होतं त्यांना माय," त्या म्हणाल्या. "तुमचं समद्यांचं पाठ होतं."

सोजराबाईंनी मान हलवली. मला वाटलं त्या रडतील; रडल्या नाहीत. सरांच्या आठवणीनं एकदा हसल्यासारखंही झालं त्यांचं तोंड. मला तेवढ्यानं धीर आला, आणि मी माझ्या स्वभावाप्रमाणे घाई केली. पिशवीतून वही काढली. म्हटलं, मावशी, चूक माझी आहे, मी सुधारते. पुस्तक नव्यानं निघतंय. तुम्ही काय म्हणाला होता ते आत्ता सांगा, मी तुमच्या नावानं, तुमच्या शब्दांत, जसंच्या तसं छापते.

त्यांनी वहीकडे बघितलं. मग माझ्या हातातल्या पेनाकडे.

"ते म्या सरांला सांगितलं व्हतं," त्या म्हणाल्या.

मी पुन्हा विचारलं. विनवलं म्हणा. त्यांना राग आला नव्हता, निदान दिसत तरी नव्हता. त्यांना फक्त सांगायचं नव्हतं. सुमनताईंनीही एकदा म्हटलं, सांगा माय, आता छापतील. माझ्या मांडीवरचं पुस्तक सोजराबाईंनी उचललं, पानं सारखी केली, निळ्या कापडात परत बांधलं, गाठ नीट ओढून बघितली. मला वाटलं आत कोनाड्यात ठेवायला नेतील. त्यांनी ते परत माझ्या मांडीवर ठेवलं.

मी म्हटलं, हे तुमचं आहे, मावशी. सरांनी तुम्हाला दिलंय.

"न्या तुमी," त्या म्हणाल्या. "आमचं काय हाय ह्यात?"

त्यांनी सूप पुढे ओढलं आणि तूर पाखडायला लागल्या. मी तिथंच बसून त्या तीनशे पानांत त्यांना दाखवता येईल अशी एक तरी ओळ शोधत राहिले. सगळं पुस्तक मला तोंडपाठ आहे. ऋणनिर्देशात सरांनी विहारातल्या प्रत्येकाचं नाव लिहिलं होतं. तिथं मी 'आणि ग्रामस्थ' एवढंच ठेवलं होतं.